नोकरीवरून काढल्याचा आदेश हाती आला: अपिलापासून पेन्शनपर्यंत कोणते काम कोणत्या क्रमाने करायचे

गेल्या पावसाळ्यात विदर्भातल्या पांढरकवड्याकडचे एक शिपाईभाऊ माझ्या ओट्यावर येऊन बसले. युरियाच्या रिकाम्या पिशवीत कागदांचा गठ्ठा. सेवेतून काढल्याचा आदेश चौदा महिन्यांपूर्वीचा. अपील कधी टाकले, विचारले, तर त्यांनी एकेक पोच काढून ओट्यावर मांडली. आमदारसाहेब, पालकमंत्री, जिल्हाधिकारी, पुन्हा आमदारसाहेब. "नऊ निवेदनं देल्ली बाबूजी, अजून काय करू?" नऊ निवेदनांत अपील एकही नव्हते. लोकशाही दिनातही दोनदा जाऊन आले होते, जिथे आस्थापनेच्या, म्हणजे कर्मचाऱ्यांच्या नोकरीविषयक, तक्रारी घेतच नाहीत.

मी उभी नोकरी आस्थापनेच्या टेबलावर काढली आणि असे गठ्ठे पुष्कळ पाहिले. काढणारे कार्यालय चुकलेले असते, तरी माणूस हरतो, कारण कागद चुकीच्या दाराशी दिला किंवा बरोबर दाराशी उशिरा दिला. निवेदन म्हणजे अपील नव्हे, हे वाक्य आधी घरच्या कॅलेंडरवर लिहून ठेवा. मग पुढचे वाचा.

## १. लिफाफा घेतला त्या दिवशी

आदेश घ्यायला नकार देऊ नका. "घेतलाच नाही तर लागू कसा होईल" हा गावातला सल्ला घातक आहे. पंचनामा करून आदेश दाराला चिकटवतात आणि मुदत तिथूनच मोजायला लागते. उलट तुमच्याकडे वाचायला प्रत राहत नाही.

सही करताना सहीखाली तारीख स्वतःच्या हाताने टाका. शिपाई किंवा पोस्टमन म्हणेल, "तारीख मी टाकतो." त्याला टाकू देऊ नका. टपालाने आला असेल तर लिफाफा फेकू नका. आदेशावरची तारीख आणि तुम्हाला मिळाल्याची तारीख यांत महिन्याचे अंतर असू शकते. अपिलाची मुदत मिळाल्याच्या तारखेपासून धरतात आणि लिफाफ्यावरचा शिक्का हाच त्याचा पुरावा असतो.

इशारा: याच दिवसांत कोणीतरी जवळचा येऊन सांगतो, "राजीनामा देऊन टाक, प्रकरण मिटवून घेऊ." साहेबांचा निरोप म्हणूनही सांगतो. राजीनाम्याने मागची सगळी सेवा जप्त होते. बावीस वर्षांची नोकरी असली तरी निवृत्तिवेतनासाठी ती शून्य धरली जाते. काढल्याचा आदेश अपिलात रद्द होऊ शकतो, पण स्वखुशीने दिलेला राजीनामा परत फिरवणे फार अवघड आहे. कोऱ्या कागदावर सही तर नकोच.

## २. आदेशात नेमका शब्द कोणता आहे ते वाचा

लोक सगळ्यालाच "सस्पेंड केलं" म्हणतात. शब्दाशब्दात पेन्शनचा फरक आहे.

निलंबन म्हणजे नोकरी गेलेली नाही. निर्वाह भत्ता मिळतो: पहिले तीन महिने अर्धपगारी रजेच्या वेतनाइतका, पुढे त्यात वाढ किंवा कपात होऊ शकते. त्यासाठी दरमहा "दुसरी नोकरी किंवा धंदा करत नाही" असा दाखला द्यावा लागतो. दाखला न दिल्यामुळे भत्ता बंद पडलेले कितीतरी लोक मी पाहिले. तीन महिन्यांत दोषारोपपत्रच दिले नाही, तर ९ जुलै २०१९ च्या शासन निर्णयाचा हवाला देऊन निलंबन संपवायची लेखी मागणी करा.

सक्तीची सेवानिवृत्ती शिक्षा म्हणून दिली असेल तर पेन्शन पूर्ण जात नाही. दोन तृतीयांशपेक्षा कमी नाही आणि पूर्ण रकमेपेक्षा जास्त नाही, अशा मर्यादेत ती ठरते.

सेवेतून काढून टाकणे आणि बडतर्फी या दोन्हींत निवृत्तिवेतन व उपदान (ग्रॅच्युइटी) जाते. बडतर्फ माणसाला पुढे सरकारी नोकरीची दारेही साधारणपणे बंद होतात. सेवेतून काढलेल्याला मात्र निवृत्तिवेतन नियम, १९८२ च्या नियम १०१ खाली विशेष बाब म्हणून अनुकंपा निवृत्तिवेतन मागता येते. ते हक्काचे नाही, शासनाच्या मर्जीचे आहे. म्हणून अपील सोडून आधी हा अर्ज करू नका. तो केला की शिक्षा मान्य केल्यासारखे दिसते.

सेवासमाप्ती हा शब्द परिवीक्षाधीन (प्रोबेशनवरच्या) आणि तात्पुरत्या कर्मचाऱ्यांच्या आदेशात येतो. आदेश साधा असेल तर भांडायला जागा कमी. त्यात "गैरवर्तन", "अफरातफर" असा डाग लावला असेल, तर चौकशीशिवाय तो डाग कसा लावला हा प्रश्न उभा राहतो.

शब्द कोणताही असो, भविष्य निर्वाह निधीतला पैसा तुमचा आहे, तो कोणी जप्त करत नाही. १ नोव्हेंबर २००५ नंतर लागलेल्यांच्या राष्ट्रीय निवृत्तिवेतन योजनेच्या खात्यातली जमाही जात नाही, ती बाहेर पडण्याच्या नियमांनुसार मिळते. उचलताना अर्जावर एक ओळ लिहा: "अपिलाचा हक्क राखून ही रक्कम स्वीकारत आहे."

तपासा: भरतीची जाहिरात १ नोव्हेंबर २००५ पूर्वीची आणि रुजू त्यानंतर, असे असेल तर २ फेब्रुवारी २०२४ च्या शासन निर्णयाने जुन्या पेन्शनचा विकल्प दिला होता. त्या काळात तुम्ही सेवेबाहेर होता का, विकल्प दिला होता का, हे आताच शोधा. पुनःस्थापना झाल्यावर हा मुद्दा मोठा ठरतो.

## ३. तुम्ही कोणाचे कर्मचारी? दार त्यावरून ठरते

सगळ्यात जास्त वर्षे इथे वाया जातात.

राज्य शासनाचे (तलाठी, वनरक्षक, तहसील, कृषी, बांधकाम विभाग): शिस्त व अपील नियम, १९७९. आधी खात्यातले अपील, मग महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरण, म्हणजे मॅट. बुलडाण्यापासून गडचिरोलीपर्यंत सगळ्यांना नागपूर खंडपीठ. पोलिसांचे शिस्तीचे नियम वेगळे असले तरी पुढची वाट मॅटचीच.

जिल्हा परिषदेचे (ग्रामसेवक, जि.प. शिक्षक, आरोग्य सेवक, परिचर): मॅटमध्ये जाऊ नका. तिथे सहा महिने घालवून "अधिकारक्षेत्र नाही" असा कागद घेऊन परतलेले मला माहीत आहेत. तुमचे शिस्त व अपील नियम १९६४ चे. मुख्य कार्यकारी अधिकाऱ्यांच्या आदेशावर अपील विभागीय आयुक्तांकडे, अमरावती किंवा नागपूर. त्यापुढे थेट उच्च न्यायालयाचे नागपूर खंडपीठ.

खासगी अनुदानित शाळेचे: १९७७ च्या खासगी शाळा कर्मचारी कायद्याच्या कलम ९ खाली शाळा न्यायाधिकरणात अपील, मुदत ३० दिवस. नागपूर, अमरावती आणि चंद्रपूरला ही न्यायाधिकरणे आहेत. शिक्षणाधिकाऱ्यांकडे तक्रार करत बसणे म्हणजे ते ३० दिवस जाळणे.

एसटीवाल्यांची वाट कामगार न्यायालयाची आणि पेन्शन ईपीएस-९५ ची (भविष्य निर्वाह निधीशी जोडलेली १९९५ ची योजना). त्यांना या लेखाचा पुढचा भाग फारसा लागू नाही. अंगणवाडीताईंना सरकारी निवृत्तिवेतन नियम लागू नाहीत, मात्र उपदान कायदा लागू होतो असे सर्वोच्च न्यायालयाने २५ एप्रिल २०२२ ला गुजरातच्या प्रकरणात सांगितले आहे.

### जातवैधता अवैध ठरलेल्यांसाठी

आपल्याकडे, विशेषतः हलबा जमातीच्या दाव्यांमुळे, हा प्रश्न घरोघरी आहे. ६ जुलै २०१७ च्या सर्वोच्च न्यायालयाच्या निकालानंतर अनुसूचित जमातीचे प्रमाणपत्र अवैध ठरलेल्यांच्या नोकऱ्यांवर गदा आली. २१ डिसेंबर २०१९ च्या शासन निर्णयाने त्यांना अकरा-अकरा महिन्यांसाठी अधिसंख्य, म्हणजे मंजूर संख्येपेक्षा जादा, पदांवर वर्ग केले. त्यांच्या सेवाविषयक आणि निवृत्तीच्या लाभांचा निर्णय १४ डिसेंबर २०२२ ला निघाला.

इथे तीन चुका होतात. पडताळणी समितीचा निर्णय मॅटमध्ये नेतात. तो फक्त उच्च न्यायालयात आव्हान देण्यासारखा असतो. दर अकरा महिन्यांचा मुदतवाढीचा आदेश जपून ठेवत नाहीत, मग निवृत्तीच्या वेळी दोन आदेशांमधली फट दाखवून बाबू फाइल परत पाठवतो. आणि निवृत्त होऊन वर्ष झाले तरी १४ डिसेंबर २०२२ च्या निर्णयाखाली लाभ द्या असा लेखी अर्जच केलेला नसतो, कारण कोणीतरी सांगितलेले असते की "अधिसंख्यवाल्यांना काही भेटत नाही."

## ४. कागद जमवा, पण कागदांसाठी अपील अडवू नका

लागणारे कागद: नियुक्ती आदेश, कायम केल्याचा आदेश, दोषारोपपत्र जोडपत्रांसह (आरोप, त्यांचे विवरण, कागदपत्रांची यादी, साक्षीदारांची यादी), तुम्ही दिलेला खुलासा व त्याची पोच, चौकशीतल्या प्रत्येक तारखेची रोजनामा प्रत, चौकशी अहवाल, अंतिम कारणे दाखवा नोटीस, शिक्षेचा आदेश.

हाती नसेल ते माहितीच्या अधिकारात मागा. दहा रुपयांचे कोर्ट फी स्टॅम्प, तीस दिवस, नाही दिले तर प्रथम अपील. "माझ्या प्रकरणाची सर्व माहिती द्यावी" असे लिहिले की "माहिती मोघम आहे" असे उत्तर येते. नस्तीचा (फाइलचा) क्रमांक लिहा, नस्तीतल्या टिप्पणीची पाने मागा, आणि आधी अवलोकनाची वेळ मागा. नस्ती समोर बसून चाळली की कोणते पान हवे ते कळते.

सेवापुस्तकाची पानन्‌पान साक्षांकित प्रत याच टप्प्यावर घ्या. माणूस सेवेबाहेर गेला की त्याच्या सेवापुस्तकाला वाली राहत नाही. एका पंचायत समितीच्या रेकॉर्ड खोलीत मी स्वतः एक सेवापुस्तक उघडले होते. पुठ्ठा शाबूत, आतली चाळीस पाने उधळीने चाळणी केलेली, वेतनवाढीच्या नोंदींच्या जागी मातीच्या बारीक नळ्या. त्या परिचराची सगळी सेवा पुढे जुन्या पगारपत्रकांवरून जुळवत बसावी लागली.

इशारा: माहिती येईपर्यंत अपील थांबवू नका. अपिलात "अमुक कागद मागितले आहेत, मिळताच पूरक मुद्दे सादर करीन" असे लिहून ते मुदतीत टाका.

## ५. आदेशातले दोष शोधा

अपिलात "मी गरीब आहे, मुले लहान आहेत" यावर दोन पाने आणि कायद्याच्या मुद्द्यावर दोन ओळी, असे उलटे प्रमाण असते. आदेश आणि चौकशीची कागदपत्रे समोर ठेवून हे प्रश्न विचारा.

सही कोणाची? राज्य कर्मचाऱ्याला नेमणाऱ्या अधिकाऱ्यापेक्षा खालच्या दर्जाचा अधिकारी काढू शकत नाही, हे संविधानाच्या अनुच्छेद ३११ मध्येच आहे. नेमणूक उपवनसंरक्षकांची आणि काढल्याचा आदेश वनपरिक्षेत्र अधिकाऱ्याच्या सहीचा असेल तर अपिलाचा पहिला मुद्दा तोच. जिल्हा परिषदेवाल्यांना ३११ थेट लागत नाही, त्यांनी १९६४ च्या नियमांतला सक्षम अधिकारी पाहावा.

चौकशी झाली का? "चौकशी करणे व्यवहार्य नाही" म्हणून चौकशी टाळली असेल तर तशी कारणे लेखी नोंदवलेली असायला हवीत. ती नस्तीत आहेत का?

चौकशी अहवालाची प्रत शिक्षेआधी मिळाली का? अहवाल आणि शिक्षा एकाच लिफाफ्यात आली असेल तर ती मोठी चूक आहे. अहवालावर म्हणणे मांडायची संधी शिक्षेच्या आधी द्यायची असते, हे सर्वोच्च न्यायालयाने १९९३ मध्ये पक्के केले. अहवाल नसल्यामुळे कोणता बचाव मांडता आला नाही, तेही लिहा. नुसती "प्रत दिली नाही" ही ओळ पुरत नाही.

साक्षीदार तपासले का, की नुसते कागद वाचून आरोप सिद्ध झाला म्हटले? उलटतपासणी करू दिली का? बचाव सहायक मागितला आणि नाकारला का?

निर्वाह भत्ता मिळत होता का? हा प्रश्न खेड्यातल्या माणसासाठी फार कामाचा आहे. भत्ता बंद, चौकशी जिल्ह्याच्या ठिकाणी किंवा नागपूरला आणि माणूस गडचिरोलीच्या टोकाला सिरोंच्यात. तो तारखेला पोहोचला नाही म्हणून एकतर्फी चौकशी. पैशाअभावी हजर राहता आले नाही अशा चौकशा सर्वोच्च न्यायालयाने १९७३ मध्ये आणि पुन्हा १९९९ मध्ये रद्द ठरवल्या आहेत. त्या काळातले बँक पासबुक जोडा.

आरोप अनधिकृत गैरहजेरीचा आहे का? ग्रामीण भागात सगळ्यात जास्त माणसे याच आरोपावर जातात. गैरहजेरी हेतुपुरस्सर होती हे सिद्ध करावे लागते, असे २०१२ चा निकाल सांगतो. ग्रामीण रुग्णालयाची चिठ्ठी, पुराने रस्ता बंद असल्याचा तहसीलचा दाखला, रजेच्या अर्जाची पोच असे काय आहे ते लावा. दुसऱ्याच दिवशी बनवून आणलेला "सिक"चा दाखला लावू नका. चौकशी अधिकारी तारखा बघतो.

फौजदारी खटल्यातून सुटलात म्हणून खात्याची शिक्षा आपोआप रद्द होत नाही. दोन्हीकडे आरोप, साक्षीदार आणि पुरावा एकच होता का, हे दाखवावे लागते.

## ६. अपील लिहिणे

राज्य कर्मचाऱ्यांना मुदत ४५ दिवसांची, शाळांना ३०, जिल्हा परिषदेचे नियम वेगळे. मी सगळ्यांना एकच सांगतो: तिसाव्या दिवसाच्या आत टाका. मुदत गेली असेल तर त्याच दिवशी विलंब माफीच्या अर्जासह टाका, आणि उशिराचे कारण तारखांसह सांगा. त्या पांढरकवड्याच्या भाऊंचे आम्ही तेच केले, नऊ निवेदनांच्या पोचा जोडून. आयुष्यात पहिल्यांदा त्या पोचा कामाला आल्या.

अपील स्वतःच्या नावाने, एकट्याचे. संघटनेच्या लेटरहेडवरचे पत्र अपील ठरत नाही. साहेबांना शिव्या नकोत. "हेतुपुरस्सर सूड उगवला" लिहायचे असेल तर दिवस, प्रसंग आणि पुरावा द्या, नाही तर ती ओळ खोडा. मूळ अपील योग्य मार्गाने, म्हणजे काढणाऱ्या कार्यालयामार्फत द्या. एक आगाऊ प्रत थेट अपील अधिकाऱ्याला स्पीड पोस्टाने पाठवा. योग्य मार्गातली प्रत महिनोन्‌महिने मोठ्या बाबूंच्या कपाटात राहू शकते.

शेवटची मागणी अशी लिहा, चारही भाग:

"(अ) दि. … चा शिक्षेचा आदेश रद्द करावा. (ब) मला मूळ पदावर पुनःस्थापित करावे. दरम्यान नियत वयोमान पूर्ण झाल्यास त्या दिनांकापर्यंत सेवेत असल्याचे मानावे. (क) दि. … ते दि. … हा कालावधी निवृत्तिवेतनासह सर्व प्रयोजनांसाठी कर्तव्य कालावधी म्हणून धरावा. (ड) थकीत वेतन, वेतनवाढी व निवृत्तिलाभ व्याजासह द्यावेत."

### (क) विसरू नका

जवळजवळ प्रत्येक जण (अ) आणि (ब) मागतो आणि तिथेच थांबतो. मग आदेश येतो, "शिक्षा रद्द, पुनःस्थापना मंजूर", घरी पेढे वाटले जातात, आणि मधल्या काळाबद्दल आदेशात अक्षर नसते. १९८१ च्या पदग्रहण अवधी व निलंबन, बडतर्फी काळातील प्रदाने यांच्या नियमांमध्ये नियम ७० आहे. पूर्ण निर्दोष ठरलात तर मधला काळ कर्तव्यावर धरतात आणि पूर्ण वेतन देतात. तांत्रिक कारणाने किंवा अर्धवट सुटलात तर तो काळ कसा धरायचा हे अधिकारी ठरवतो. त्याआधी तो तुम्हाला नोटीस देतो. त्या नोटिशीला उत्तर न देणे हीच घोडचूक.

हिशेब करून दाखवतो. जून २००४ ला लागलेला परिचर. जून २०१२ ला काढला, जून २०२० ला परत घेतला, जून २०२१ ला निवृत्त. प्रत्यक्ष काम ८ अधिक १, म्हणजे ९ वर्षे. मधली आठ वर्षे धरली नाहीत तर अर्हताकारी (पेन्शनसाठी धरली जाणारी) सेवा दहा वर्षे होत नाही आणि मासिक पेन्शनच बसत नाही, एकरकमी सेवा उपदानावर बोळवण. मधली वर्षे धरली तर सेवा १७ वर्षे, पेन्शन लागू. सेवानिवृत्ती उपदान दर पूर्ण सहामाहीला पाव महिन्याच्या वेतनाप्रमाणे, म्हणजे १७ वर्षांना साडेआठ महिन्यांचे वेतन. म्हणजे खटला जिंकूनही पेन्शन घालवता येते, आणि ती एका ओळीत जाते.

पूर्ण कर्तव्य काळ मान्य होत नसेल तर मधला काळ देय रजेत बदलून द्या अशी पर्यायी मागणी करा. पगार पूर्ण मिळणार नाही, पण सेवा वाचेल.

मागील पगारासाठी "या काळात कुठेही लाभाची नोकरी केली नाही" असे शपथपत्र लागते. दीपाली सुरवसे प्रकरणात २०१३ साली सर्वोच्च न्यायालयाने सांगितले की बेकायदा काढलेल्याला मागील पगार हा सर्वसाधारण नियम, पण बेकार होतो हे कर्मचाऱ्याने आधी मांडावे लागते. वावरात राबलात किंवा मजुरीला गेलात तर ते लपवू नका. पोटापुरती मजुरी ही पर्यायी नोकरी होत नाही. खोटे शपथपत्र मात्र उघडे पडते, कारण गावात सगळ्यांना सगळे ठाऊक असते.

## ७. अपिलाचे उत्तर येत नाही तेव्हा

राज्य कर्मचाऱ्यांनी मोजायचे ते असे. अपील निकाली निघाले तर निकालापासून एक वर्षात मॅट. सहा महिन्यांत निकालच नाही, तर ते सहा महिने संपल्यापासून एक वर्षात. दोन्ही तारखा अपील टाकल्याच्या दिवशीच लिहून ठेवा.

इशारा: स्मरणपत्रांनी मुदत वाढत नाही. दर तीन महिन्यांनी स्मरणपत्र देऊन "प्रकरण जिवंत ठेवले आहे" असे समजणाऱ्यांचे अर्ज मुदतबाह्य म्हणून फेटाळले जातात. पेन्शन कमी मिळते असल्या दर महिन्याला नव्याने होणाऱ्या अन्यायाला थोडी सूट आहे, पण थकबाकी साधारण मागच्या तीन वर्षांपुरतीच मिळते.

वकिलाला पैसे नाहीत म्हणून घरी बसू नका. महिला, अनुसूचित जाती-जमाती आणि अपंग यांना उत्पन्नाची अट न लावता मोफत वकील मिळतो. अर्ज तालुका विधी सेवा समितीत करता येतो, त्यासाठी नागपूरला जावे लागत नाही. खासगी वकील केला तरी अर्जाचा क्रमांक मागून घ्या आणि तारीख संकेतस्थळावर स्वतः बघा. "वकीलसाहेब सांगतील" म्हणत बसलेल्यांचे अर्ज गैरहजेरीत निघून जातात.

प्रकरण चालू असताना कर्मचाऱ्याचा मृत्यू झाला तर प्रकरण संपले असे घरच्यांनी समजू नये. पत्नीने वारस म्हणून लगेच नाव लावून घ्यावे. आदेश रद्द झाला तर कुटुंब निवृत्तिवेतनाचा रस्ता तिथून उघडतो.

## ८. निकाल लागल्यावर

निकालाची प्रमाणित प्रत हातात आली की त्याच दिवशी रुजू अहवाल द्या. कार्यालय "वरून मार्गदर्शन मागवले आहे" म्हणेल. म्हणू दे. तुमच्या रुजू अहवालाची पोच आवक क्रमांकासह घ्या, कारण पुढचा पगार त्या तारखेवरून मागायचा आहे. निकालाची अंमलबजावणी झाली नाही तर अवमान अर्जाला एक वर्षाची मर्यादा असते.

## ९. पेन्शन प्रकरण

चौकशी निवृत्तीच्या दिवशी चालूच असेल तर निवृत्तिवेतन नियमांतल्या नियम १३० खाली तात्पुरते निवृत्तिवेतन मिळते, उपदान मात्र निकालापर्यंत थांबते. "चौकशी चालू आहे, काहीच मिळणार नाही" असे सांगणाऱ्याला हा नियम दाखवा. निवृत्तीनंतर नवी चौकशी काढायची तर शासनाची मंजुरी लागते, आणि घटना चार वर्षांपेक्षा जुनी चालत नाही. हा नियम २७. नोटीस आली की आधी घटनेची तारीख बघा.

राज्य कर्मचाऱ्यांचे प्रकरण नागपूरच्या महालेखापाल कार्यालयात जाते, जिल्हा परिषदेचे तिथल्याच वित्त विभागात. पाठवण्यापूर्वी सेवापुस्तकात पाहा: पुनःस्थापनेचा आदेश आणि मधल्या काळाची नोंद लाल शाईत सहीसह आहे का, त्या काळातल्या वेतनवाढी काल्पनिक धरून वेतननिश्चिती झाली का, ती वेतन पडताळणी पथकाकडून तपासून आली का, प्रत्येक वर्षाची सेवा पडताळणीची सही आहे का, नाव, जन्मतारीख आणि पत्नीचे नाव आधारशी जुळते का.

शेवटच्या दोन गोष्टी मी दुसऱ्यांना रोज सांगायचो. माझ्या स्वतःच्या सेवापुस्तकात एका बदलीनंतरची चार महिन्यांची सेवा पडताळलेलीच नव्हती. दुसऱ्याच्या फायली तपासण्यात जन्म गेला, स्वतःची उघडली नाही. उपदान सात महिने अडकले. आमच्या सौ.ने अजून ऐकवणे सोडलेले नाही.

वेतन पडताळणीत "जास्त दिले" म्हणून वसुली निघाली तर लगेच संमतीपत्र देऊ नका. गट क आणि ड कर्मचाऱ्यांकडून, किंवा निवृत्त झालेल्यांकडून, त्यांची चूक नसताना अशी वसुली करू नये असा सर्वोच्च न्यायालयाचा डिसेंबर २०१४ चा निकाल आहे. मात्र वेतननिश्चितीच्या वेळी "जास्त रक्कम परत करीन" असे हमीपत्र दिले होते का ते आधी आठवा, कारण कार्यालय तेच पुढे करते.

उपदान तीन महिन्यांच्या आणि पेन्शन सहा महिन्यांच्या पुढे लांबली, आणि दोष कार्यालयाचा असेल, तर नियम १२९-अ आणि १२९-ब खाली व्याज मागा. न मागता ते मिळाल्याचे माझ्या पाहण्यात नाही.

पेन्शन पेमेंट ऑर्डर हाती आली की कोषागारात जाण्याआधी घरीच पाच गोष्टी ताडून बघा: अर्हताकारी सेवेची वर्षे, शेवटचे वेतन, पेन्शन सुरू होण्याची तारीख, अंशराशीकरणाची (पेन्शनचा काही भाग विकून एकदम घेतलेली) रक्कम आणि कुटुंब निवृत्तिवेतनाखालचे नाव. सेवेच्या रकान्यात मधली वर्षे दिसत नसतील तर पहिली पेन्शन घ्या, पण त्याच आठवड्यात दुरुस्तीचा अर्ज कार्यालयामार्फत पाठवा, निकालाची प्रत जोडून, आणि पोच घ्या.